अलीकडच्या काठावर राहिलेले

२१ सप्टेंबर २०२२, ड्रेस्डेन

रशियात सैन्यभरती जाहीर झाली. माझ्याकडे राहून पीएचडी करणारा सानाल सकाळपासून स्वयंपाकघरात फोन कानाला लावून उभा. दोनदा चहा केला, दोन्ही वेळा तसाच गार! त्याचा भाऊ आणि आई तिकडे एलिस्टात, कल्मिकियाच्या राजधानीत. कल्मिकिया म्हणजे रशियातला एवढासा तुकडा, पण तिथली पोरं भराभर उचलतायत म्हणे.

२४ सप्टेंबर

थोरल्या भावाला, बातिरला, बोलावणं आलं. शाळेत कुस्ती शिकवतो तो. सानाल ओरडत होता. भाषा कळली नाही, ओरडणं कळलं. नंतर म्हणाला, "काकू, मी त्याला कझाकस्तानात पळ म्हटलं. तो म्हणतो, आईला कुणाच्या जिवावर सोडू?"

अन्वीचा ड्युसेलडॉर्फहून फोन. नेहमीसारखं जर्मनमध्येच — मामा (म्हणजे आई), तुझा उंटरमीटरच आहे ना तो, किती जीव लावतेस?

उंटरमीटर! भाडेकरू! माझे यजमान, वासुदेव, गेल्यावर या घरात दुसऱ्या माणसाची चाहूल त्यानं आणली. तिला काय सांगू.

९ ऑक्टोबर

बातिर गेला आघाडीवर.

१३ नोव्हेंबर

दिवसभर धुकं. सानालनं प्रबंधाचं काही लिहिलं नाही, पण जेवताना पहिल्यांदाच सगळं सांगितलं. मी आपली इतकी वर्षं त्याला नुसता 'मंगोल' समजत होते!

त्याचे पूर्वज पश्चिमेकडचे मंगोल, ओइरात. चारशे वर्षांपूर्वी कुरणं शोधत व्होल्गेपर्यंत आले, गुरंढोरं, तंबू, बुद्धाच्या मूर्ती घेऊन. पुढे झारशाहीचा जाच वाढला. १७७१च्या हिवाळ्यात त्यांच्या खानानं ठरवलं, परत मायदेशी जायचं. नदी गोठली की पश्चिम काठावरच्यांनी बर्फावरून पलीकडे यायचं.

"आणि त्या वर्षी नदी गोठलीच नाही, काकू."

पलीकडचे निघून गेले. अलीकडचे काठावर उभे राहून बघत राहिले. गेलेल्यांतले बहुतेक वाटेत मेले — थंडी, तहान, हल्ले. राहिलेल्यांचा हा वंशज, माझ्यासमोर वरणभात कालवत बसलेला. कल्मिक म्हणजेच 'मागे राहिलेले' असं काहीजण मानतात म्हणे. खरं-खोटं विद्वानांना ठाऊक.

मी त्याला आणखी भात वाढला.

२८ डिसेंबर

आज सानालनं खिडकीत दिवा लावला. १९४३ साली याच दिवशी स्टालिननं अख्ख्या कल्मिक लोकांना गुरांच्या डब्यांत कोंबून सैबेरियाला पाठवलं. फितूर ठरवून — तान्ही पोरंसुद्धा फितूर! सानालची आजी त्या गाडीत होती. तिचा धाकटा भाऊ वाटेत गेला. गाडी थांबली तेव्हा बर्फातच ठेवला. पुरायला जमीन मऊ नव्हती. तेरा वर्षांनी परतायची मुभा मिळाली.

मी देवातली समई त्याच्या दिव्याशेजारी नेऊन ठेवली. व्हिडिओवर त्याच्या आईनं, बुल्गुनबाईंनी, ती पाहिली. हात जोडले. मीही जोडले. आम्हा दोघींचं एवढंच बोलणं.

१९ जानेवारी २०२३

बातिर गेला.

हेच दोन शब्द ऑक्टोबरात लिहिले होते. तेव्हा अर्थ वेगळा होता.

२३ जानेवारी

सानाल जेवत नाही. मूगडाळीची खिचडी केली, तूप घातलं. ताटाकडे बघत बसला. आई फोनवर एकच सांगते म्हणे, "तू येऊ नकोस. एक दिला, दुसरा देणार नाही."

२ फेब्रुवारी

बुल्गुनबाई फोन उचलत नाहीत. शेजारीण म्हणते, दाराला कुलूप आहे. इस्पितळातही नाहीत. सानाल एल्बे नदीच्या काठानं एकटाच चालत राहिला, ओला होऊन आला.

४ फेब्रुवारी

तिकीट काढलंन. इस्तंबूलमार्गे.

मी भांडले. आयुष्यात अन्वीशी भांडले नाही इतकी! "तुला उतरल्या उतरल्या धरतील!"

"धरू दे. आई कुठे पडली असेल ते कोण बघणार? मी असा काठावर उभा राहून बघत बसू?"

"अरे, ते काठावर राहिले म्हणून तू आहेस ना!"

मग जवळ येऊन माझ्या खांद्यावर डोकं टेकलंन. मला वाटलं, जिंकले.

६ फेब्रुवारी

नाही जिंकले. हाउप्टबानहोफवर, मुख्य स्टेशनावर, सोडून आले. वासुदेवांचा लोकरी स्वेटर त्याच्या अंगात, बाह्या आखूड. "काकू, आत जा, गार वारा आहे," म्हणाला. मलाच!

७ फेब्रुवारी

इस्तंबूलहून मेसेज — बोर्डिंग चालू आहे, काळजी करू नका. त्यानंतर फोन बंद.

८ फेब्रुवारी

फोन बंदच. अन्वी आज मराठीत बोलली. "आई, मी येते." तिचे तुटके शब्द ऐकून जास्तच रडू आलं.

९ फेब्रुवारी

दुपारी बेल वाजली. अन्वी समजून धावले.

दारात बुल्गुनबाई. हातात बोचकं, बुटांवर चिखल. धाकट्यानं आपल्यासाठी परत येऊ नये म्हणून इटलीचा टुरिस्ट विसा (तो जर्मनीतही चालतो) काढून, कुणाला न सांगता, फोन बंद ठेवून निघाल्या होत्या — हे मागाहून, फोनवर भाषांतर करून करून कळलं. तेव्हा नुसत्या हसल्या. माझ्या खांद्यावरून आत डोकावून म्हणाल्या, "सानाल?"