साडूभाऊंच्या फाटकावरचे सत्तर जण

आदरणीय साडूभाऊ यांस,

शिरसाष्टांग नमस्कार. (रागावलेल्या माणसाची कंबर वाकताना जास्त दुखते, तरी रीत म्हणून वाकलो आहे.) तुमची तब्येत ठणठणीत असणारच, कारण दिवसाचे नऊ तास तुम्ही खुर्चीतून हलत नाही हे मला आता नक्की समजलं आहे. ताईंच्या गुडघ्याचं कसं आहे ते कळवा. इकडे तुमची मेहुणी बरी आहे, नात मजेत आहे आणि माझा रक्तदाब डॉक्टरांनी दोनदा मोजला, कारण पहिल्या वेळी त्यांना यंत्र बिघडल्यासारखं वाटलं. यंत्र ठीक होतं. बिघाड तुमच्याकडे आहे. पत्र हातानं लिहितो आहे, कारण ‘ड्युटीवर’ असताना तुम्ही फोन उचलत नाही, आणि खेळातून निरोप धाडला तर ‘तक्रार नोंदवून घेतली आहे’ एवढं एकच उत्तर येतं. पाकीट तरी तुम्हाला हातानं फाडावं लागेल.

येत्या रविवारी नात नऊ वर्षांची होते, हे तुम्हाला मी सांगायला नको. जावयानं आपल्यासाठी संगणकावर तो ठोकळ्यांचा खेळ मांडून दिला (तुम्ही तुमच्या गावी, आम्ही आमच्या, पण आतलं जग एकच), तेव्हाच मी पोरीला शब्द दिला होता की वाढदिवसाला खेळातल्या माझ्या बुरुजावरून आतषबाजीचे नव्वद बाण उडवीन, वयाच्या एकेका वर्षाला दहा. बाणाला दारूची पूड लागते. पूड मिळते त्या हिरव्या, बिनहातांच्या प्राण्यांकडून, जे गुपचूप मागे येऊन उभे राहतात आणि फुस्स करून फुटतात. एकेकाच्या मागे तलवार घेऊन पळायचं माझं वय नाही. म्हणून मी बुरूज बांधला. अकरा आठवडे बांधत होतो. आज माझ्याकडे बारा बाण आहेत, आणि पुडीचा कण नाही.

तुम्हाला यातलं काहीही कळत नाही हे सिद्ध झालेलं असल्यामुळे मुळापासून सांगतो. त्या जगात हे प्राणी कुणाच्या पोटी जन्माला येत नाहीत, अंधार दिसला की आपोआप उगवतात. उजेडात उगवत नाहीत, आपल्या अगदी जवळ उगवत नाहीत आणि फार लांबही उगवत नाहीत. (तुमच्या मेहुणीचं म्हणणं, हे नियम ऐकून तिला माझे भाऊ आठवले. मी दुर्लक्ष केलं.) म्हणून मी काळ्या दगडाचा उंच, मिट्ट अंधाराचा बुरूज उभा केला, प्रत्येक मजल्यावर पाण्याचे पाट काढले, पाटानं प्राणी मधल्या विहिरीत ढकलायचे, तिथून ते खाली आपटायचे आणि तळाशी मी पूड, हाडं, दोरा गोळा करायचा. पस्तीस वर्षं मी पंपघर चालवलं आहे साडूभाऊ. पाण्यानं कुठं वळावं हे मी सांगायचो आणि पाणी ऐकायचं. पहिले पाच दिवस माल असा येत होता की पेट्या कमी पडल्या (हाडं आणि दोराच जास्त, पूड बारा बाणांपुरती). सहाव्या दिवशी निम्मा झाला. दहाव्या दिवशी एक कोळी पडला, तोही नाइलाजानं आल्यासारखा. त्यानंतर आजतागायत काही नाही.

नळाला पाणी नाही म्हणजे वर कुठंतरी मुरतंय, हे माझं आयुष्यभराचं काम. मी सगळी लाइन तपासली. पाट तपासले. उजेडाला फट असेल म्हणून चारी भिंती आतून हातानं चाचपल्या. शेवटी तुमच्या मेहुणीवर संशय घेतला, कारण अंधारी खोली दिसली की दिवा लावायची तिला सवय आहे. तिनं आजवर त्या खेळाला हातही लावलेला नव्हता. दोन दिवस ती माझ्याशी बोलली नाही आणि तिसऱ्या दिवशी जे बोलली ते लिहिण्याजोगं नाही. तेही तुमच्या खात्यावर.

मग जावई आला, त्यानं कसलंसं बटण दाबलं आणि पडद्याच्या कोपऱ्यात आकडे आले. त्यानं सांगितलं की आपल्या जगात असे प्राणी एका वेळी सत्तरच राहू शकतात. जुने आपोआप नाहीसे होतात तशी नव्यांना जागा होते, आणि सत्तरच्या सत्तर भरलेले असतील तर बुरूज कितीही काळा रंगवा, एकही नवा उगवणार नाही. आकडा सत्तर होता. दुसऱ्या दिवशी सत्तर. आठवडाभर सत्तर. जावई म्हणाला, फक्त नावाची पाटी अडकवलेला प्राणी कधी नाहीसा होत नाही, पण सत्तर पाट्या मिळवून सत्तर प्राण्यांना अडकवण्याइतका वेडा कोण असेल. जावई चांगला मुलगा आहे, पण त्याची तुमच्याशी ओळख लग्नापुरतीच.

तीन दुपारी मी ते जग पालथं घातलं आणि काल तिथल्या तुमच्या फाटकाशी पोचलो. जे पाहिलं त्यानं तळपायाची आग मस्तकात गेली. मान्य आहे, तुम्ही एकतीस वर्षं कारखान्याच्या फाटकावर पहारा दिलात. मान्य आहे, बदली माणूस आल्याशिवाय तुम्ही एकदाही जागा सोडली नाही. पण खेळातही बदली माणूस येत नाही म्हणून सकाळपासून संध्याकाळपर्यंत तिथे बसून राहायचं? बाहेरचं नीट दिसावं म्हणून चौकीत आणि अंगणात दिवा लावायचा नाही, म्हणजे प्राण्यांची पैदास तुमच्याच अंगणाच्या लांबच्या टोकाला. आणि जो उगवून चौकीशी येईल त्याला काचेखालच्या फटीतून पाटी अडकवायची, ‘आगंतुक क्रमांक अमुक’, आणि वहीत नोंद करायची. हाडांचे सांगाडे उन्हात जळतात म्हणून तुम्ही त्यांच्यासाठी पत्र्याची शेड घातली आहे. हिरव्यांना वेगळा कोपरा, कारण ते फुटले तर बाकीच्यांना इजा. सत्तर साडूभाऊ, सत्तर. माझ्या बुरुजाचा सगळा माल तुमच्या अंगणात रांगेत उभा होता आणि माझ्याकडे बघत होता. त्यात एकतीस हिरवे मी स्वतः मोजले. एका हिरव्याच्या पुडीत तीन बाण होतात, म्हणजे एकतीस हिरव्यांमध्ये माझे उरलेले बाण आरामात बसतात.

बरं, तेही गिळलं असतं. पण मी आत पाऊल टाकणार तोच तुमचा निरोप पडद्यावर आला, ‘थांबा. कुणाकडे जायचंय? कामाचं स्वरूप?’ साडूभाऊ, तुमच्या लग्नात, मी साडू व्हायच्याही आधी, पंगतीला वाढताना माझा अंगठा भाजला, त्याची खूण अजून आहे. तुमच्या घराचा नळ चार वेळा मी दुरुस्त केला. ताईंच्या आजारपणात तुमच्या दारात माझी सायकल महिनाभर उभी होती. आणि तुम्ही मला विचारता कुणाकडे जायचंय. आत सांगाडे, कोळी, सडकी मढी बिनधास्त फिरत आहेत आणि सख्खा साडू फाटकाबाहेर. मी लिहिलं, अहो, मी आहे. तुमचं उत्तर, ‘ओळख पटली. हत्यारासह प्रवेश नाही.’ मी तलवार उपसली होती हे खरं आहे, पण ती का उपसली होती हे विचारण्याची माणुसकी तुम्ही दाखवली नाहीत. मी अर्धा तास बाहेर उभा राहिलो. पाऊस आला. शेडमध्ये जागा होती. तुम्ही बोलावलं नाही.

तेव्हा हे शेवटचं लिहितो आहे. शनिवार संध्याकाळपर्यंत अंगणात दिवे लावा, सत्तरच्या सत्तर निकालात काढा, हिरव्यांची पूड माझ्या पेटीत आणून टाका आणि चौकी बंद करा. नाहीतर मी बदली माणूस पाठवतो असं सांगून स्वतःच येईन आणि मग तुमच्या वहीला नोंद करायला कुणी उरणार नाही. पोरीला दिलेला शब्द आहे. तो तुमच्या शिस्तीपायी मोडला तर मी तुम्हाला माफ करणार नाही, आणि माझा राग किती टिकतो हे ताईंना विचारा.

ताईंना नमस्कार. तुम्हाला वर केलेला आहे, तोच पुरवून घ्या.

आपला,
बुरुजाचा मालक आणि तुमचा धाकटा साडू

ता. क. तुमच्या मेहुणीनं पत्र वाचलं. तिच्या मते अंगठा माझ्याच वेंधळेपणानं भाजला होता आणि सायकल महिनाभर नव्हे, बारा दिवस उभी होती. ताईंनी खरं-खोटं करायच्या आत मीच कळवतो.

ता. क. दोन. पत्र टेबलावर ठेवून पाकीट आणायला गेलो, तेवढ्यात ते नातीनं वाचलं. रडली नाही, पण माझ्याशी बोलत नाही, आणि तिचं न बोलणं आजीपेक्षा वाईट आहे. मला माहीत नव्हतं की शाळेतून आली की ती खेळात रोज तासभर तुमच्या चौकीवर येऊन बसते. माझा बुरूज पाहायला ती दोनदा आली होती, त्यातली एक वेळ रस्ता चुकून. गप्प होण्याआधी तिनं मला विचारलं, “आजोबा, त्रेचाळीस नंबर काय करतो ते तरी माहितीये का तुम्हाला?” मला माहीत नव्हतं. तो म्हणे भिंतीकडे तोंड करून उभा राहतो आणि ती आली की वळतो. त्यातल्या एकालाही धक्का लागला तर तिला वाढदिवस नको आहे. आणि वाढदिवस माझ्या बुरुजावर ठरलाच नव्हता, तो पहिल्यापासून तुमच्या शेडमध्ये आहे. सत्तर जणांना तिनं स्वतः आमंत्रण दिलं आहे. मला दिलं नाही. म्हणाली, “तुमचं भांडण आहे ना, मला वाटलं तुम्ही येणार नाही.”

हे पत्र मी पुन्हा लिहीत नाही, कारण वरचा राग खराच आहे. फक्त शनिवारची मुदत रद्द समजा.

ता. क. तीन. बारा बाण पुरतील का, ते तुम्हीच तिला हळूच विचारा. मी रविवारी चार वाजता फाटकाशी येतो. हत्यार घरी ठेवीन. वहीत जे लिहायचं ते लिहा, पाटी अडकवायची तर अडकवा, एकाहत्तरावा करा, पण साडूभाऊ, मला आत घ्या.