अभिजितची बाकी राहिलेली उडी

मी, विभावरी प्रल्हाद घैसास, वय ५९, राहणार नास, आयर्लंड, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दबावाशिवाय लिहीत आहे. प्रकृती ठीक आहे; पण या जानेवारीत माझे पती प्रल्हाद कोविडने गेले, तेव्हापासून त्यावर विसंबत नाही. आधीचे मृत्युपत्र रद्द समजावे.

१. घर, बचत व इतर सर्व काही मुलगी रेवा हिला. अंमलबजावणीही तिनेच करावी.

२. प्रल्हादने कॅनडाच्या उत्तर टोकाला खाणीत आठ वर्षे काढली. तिथले मूळ रहिवासी असलेल्या इनुइट सहकाऱ्यांकडून तो उंच लाथेचा खेळ शिकला: दोन्ही पायांनी उडी, एका पायाने टांगलेल्या चेंडूला लाथ, त्याच पायावर उतरणे. संधी तीन. त्याने पाइप जोडून केलेला खांब, तो शनिवारी मुलांना जिथे शिकवायचा त्या हॉलला द्यावा. मराठी मंडळाला काहीही देऊ नये. २०१९ च्या गणपतीत प्रल्हादने हा खेळ मांडला, तर त्यांनी पत्रिकेत इनुइटांना अपमानाचे वाटणारे नाव वापरून 'एस्किमो डान्स' असे छापले, आणि खेळ ठेवला तोही जेवणाची रांग लागेपर्यंत वेळ काढायला.

३. धाकटे दीर अभिजित, राहणार डंडॉक. त्या गणपतीत हेही खेळले, दोनदा दोन्ही पायांवर उतरले आणि तिसरी संधी सोडून जेवायला गेले. ऑफिसात मात्र जिंकल्याचे सांगितले. अंत्यविधीला झूमवरून म्हणाले, "वहिनी, दादाची माकडउडी शेवटपर्यंत सुटली नाही बघा." तेराव्यानंतर ऑफिसच्या कल्चर डेसाठी चेंडू मागितला. रेवा इथल्या आयरिश ढंगात म्हणाली, "युअर मॅन इज नॉट गेटिंग इट," म्हणजे त्या गृहस्थाला तो मिळणार नाही. माझेही तेच मत.

४. पण हॉस्पिटलमधून शेवटच्या फोनवर प्रल्हाद म्हणाला, "अभीची तिसरी उडी बाकी आहे. देऊन टाक." तो शब्द मला मोडता येत नाही, आणि ती उडी पाहण्याची माझी तयारीही नाही. म्हणून माझ्यानंतर रेवाने सीलच्या कातड्याचा तो चेंडू गणपतीतल्याच उंचीवर टांगावा आणि त्यांना एक उडी द्यावी. जमली तर चेंडू त्यांचा. नाहीतर ज्या सहकाऱ्याच्या आईने तो शिवला, तिच्या घरी पाठवावा.

५. या खेळात प्रतिस्पर्ध्याला त्याची चूक सांगायची असते. केवळ म्हणून लिहिते. भावजी, तुम्ही उडी मारताना लोकांकडे पाहता. चेंडूकडे पाहा. उजव्याने मारलीत तर उजव्यावरच उतरा. डावा टेकवू नका.

साक्षीदारांनी आमच्या परसात, दोन मीटरवरून, मला सही करताना पाहिले व मग स्वतः सह्या केल्या.

विभावरी प्रल्हाद घैसास

साक्षीदार:
आशुतोष देवस्थळी
सुहासिनी देवस्थळी

नास, २१ मार्च २०२१