पडलेला माणूस उठेपर्यंत

बाबा, इकडे परदेशात, टूवूंबाला आता हिवाळा आहे. संध्याकाळी लवकर अंधार पडतो, आणि ड्यूटीवरून परतल्यावर घरात बोलायला कुणी नसतं. साथीमुळे विमानं बंद, येणं-जाणं बंद. मी हॉस्पिटलमध्ये एक्स-रे काढते. पडलेली, धडपडलेली माणसं येतात, त्यांना मास्कमागून "होल्ड स्टिल" म्हणायचं, एवढंच माझं दिवसभरातलं बोलणं.

तुम्ही शाळेत चित्रकलेचे मास्तर, पण शनिवारी प्रोजेक्टर तुमच्याच ताब्यात. मुक्या विनोदी चित्रपटांची छोटी रिळं लावून सगळ्यांचे आवाज तुम्हीच काढायचात. जाडा हवालदार धावायला लागला की तुम्ही ओरडायचात, "अहो, धोतर सुटलं!" त्यानं धोतर नेसलेलंच नसायचं, तरी हॉल हसून लोळायचा. मग एकदा बाजारात एक बाई अंड्यांच्या टोपलीसकट घसरली आणि मी खदखदून हसले. तुम्ही माझा दंड धरलात. "पडद्यावरचा उठणार हे ठाऊक असतं, म्हणून हसतो आपण. हिला आधी हात दे."

इथे शेजारी एक आजोबा राहतात. त्यांची बायको पडली, खुबा मोडला, आता ती वृद्धाश्रमात आहे आणि भेटी बंद आहेत. ते नुसतेच अंगणात उभे असतात. गेल्या शनिवारी मी गॅरेजच्या दारावर चादर लावली, छोटा प्रोजेक्टर मांडला आणि त्यांना हाक मारली. कुंपणापलीकडे खुर्ची टाकून ते बसले. पहिल्याच फिल्ममध्ये एक माणूस शिडीवरून कोसळला, आणि आजोबांनी खुर्चीचे हात घट्ट धरले.  हे कसं सुचलं नाही मला? बंद करायला उठले, तोवर पडद्यावरचा माणूस उठून टोपी झटकत होता. माझ्या तोंडून आपसूक मराठीच निघालं, "लागलं नाही हो, लागलं नाही!"

"व्हॉट्स ही सेइंग, लव्ह?"

"ही सेज ही'ज ऑलराइट."

 ते हसले, हसता हसता डोळे पुसायला लागले. "शी'ड लव्ह धिस ब्लोक," म्हणाले, म्हणजे हा गडी बायकोला फार आवडेल, आणि थोड्या वेळानं, "अनदर वन?" दुसऱ्या दिवशी अंगणात ते फोनवर बायकोला ती शिडी हातवारे करून सांगत होते. फोनवर हातवारे, बाबा.

दादाला मी सांगितलं की म्हातारा बिचारा एकटा पडलाय, त्याला सोबत म्हणून केलं. तुम्हाला तसं लिहवत नाही. मलाच कुणाच्या तरी शेजारी बसून हसायचं होतं.