गोदीला सांगितलं नाही

बुध. ११ जाने. १९७८
आज समितीत पहिल्यांदा बसली. लांब टेबल. एका बाजूनं चार साहेब, दुसऱ्या बाजूनं आम्ही चार कामगार. बाई मी एकटीच. मिलचा कारभार दोघांनी मिळून पाहायचा म्हणून ही समिती, असं लेबर ऑफिसर पुरोहितसाहेबांनी समजावलं. मग माझ्याकडे वळून, "शकुंतलाबाई, तुमचं काय मत?" तेरा वर्षं झाली मिलमध्ये, मत कुणी विचारलं नव्हतं. बायांच्या संडासाला आतून कडी नाही, एवढंच बोलली. आवाज कापत होता. साहेबांनी लिहून घेतलं.
मीटिंग जेवणाच्या सुट्टीत असते. खात्यात परत आली तर शेजारच्या मशीनवरची गोदी माझ्या वाटणीचा झुणका झाकून बसलेली. सगळं ऐकून घेतलं तिनं, साहेबांची खुर्ची गोल फिरते तेही. मला तिनंच निवडून आणलं. मशीन मशीन फिरून सांगत होती, "शकुंतला सातवी शिकली हाय, कागद वाचते, तिलेच मत द्या."

शुक्र. २० जाने.
कडी बसली. गोदीनं तीनदा लावून पाहिली, तीनदा काढली. बाहेर येऊन म्हणे, "आपली कडी वं!"
ह्यांना घरी सांगितलं. इतवारीत भांड्यांच्या दुकानात दिवसभर उभे राहून पाय सुजलेले, तरी हसले. "आता मिल तूच चालव."

रवि. २९ जाने.
गोदीच्या खोलीवर गेली होती, सक्करदऱ्याला. तलावाच्या कडेनं फिरलो. नवरा गेल्याला तिला नऊ वर्षं झाली. उमरेडकडे त्याच्या वाट्याचं तीन एकर वावर आहे, दीर करतो. आता दिराचा निरोप आलाय, वहिनी तुम्हाला मिलची पक्की नोकरी आहे, वावर माझ्या नावानं करून द्या.
"देऊन टाकू का?" मी म्हटलं, तुझं तू पाहा. तेव्हा मला खरंच काही माहीत नव्हतं. हे लिहून ठेवते.

बुध. ८ फेब्रु.
आमच्या खात्यात सूत गुंडाळायच्या, वाइंडिंगच्या नव्या मशिनी येणार. एक बाई आज सांभाळते त्याच्या दुपटीहून जास्त काम. बेचाळीस बायांपैकी अठराच लागतील. बाकीच्यांना "इतर खात्यांत सामावून घेणार" असं कागदावर आहे. कुणालाही काढणार नाही. आमचे युनियनचे रामभाऊ यासाठी भांडले, खोटं कशाला बोलू.
पुरोहितसाहेब म्हणाले, "नोटीस लागेपर्यंत ही गोष्ट समितीतच ठेवा. सहभाग म्हणजे विश्वास असतो, बाई."
बाहेर आल्यावर रामभाऊ वेगळ्या भाषेत तेच बोलले. "आता फुटलं तर खातं बंद पडीन, अन् मालक मशिनी बी आणीन अन् बायाले बी काढीन. तोंड बंद ठेव."
सही केली. सामावून घेणार म्हणजे कसं, हे विचारलं नाही. विचारायला हवं होतं.

गुरु. ९ फेब्रु.
गोदी समोर जेवत होती. मी भाकरी मोडून डब्यातच ठेवली. "काय झालं वं?" पोट दुखतं म्हटलं. तिनं ओवा आणून दिला कुणाकडून तरी.

मंगळ. १४ फेब्रु.
ह्यांना सांगितलं. पाय चोळत बसले. मग, "सांगून दे तिले." थोड्या वेळानं, "पण तुही नोकरी गेली तं?" मी दिवा मालवला.

शनि. १८ फेब्रु.
गोदी कागद घेऊन आली. दिरानं पाठवलेला. हक्क सोडला असं लिहून द्यायचं आणि खाली अंगठा. तिला वाचता येत नाही म्हणून मी वाचायचा. वाचला. एकेक अक्षर नीट वाचलं, जणू तेवढं नीट वाचलं की माझं काम झालं.
"थांब थोडी," मी म्हटलं.
"काहून?"
"उन्हाळाभर थांब. घाई काय आहे?"
"त्याच्या पोरीचं लगन जमून राहिलं. नावावर वावर दिसलं पाहिजे म्हणते." मग माझ्याकडे पाहत राहिली. गोदी अशी पाहते तेव्हा खोटं बोलणं कठीण. "तुले काही मालूम हाय का? मिलचं?"
"नाही."
एवढाच शब्द.

सोम. २७ फेब्रु.
काल उमरेडला जाऊन अंगठा देऊन आली. पुतणीसाठी बांगड्या घेतल्या होत्या, त्या कशा शोभल्या ते सांगत होती.

सोम. १३ मार्च
नोटीस लागली. जेवणाचा भोंगा झाल्यावर सगळ्या बोर्डापाशी. मला म्हणाल्या, वाच. मोठ्यानं वाचली. शेवटी समितीच्या सभासदांची नावं, सहीची तारीख. ८ फेब्रुवारी. तेही वाचलं. सोडून देता आलं असतं, नाही सोडलं.
गोदी डबा उचलून खिडकीकडे गेली आणि तिथं पाठ करून जेवली.

शनि. १८ मार्च
यादी लागली. गोदी फोल्डिंग खात्यात, कापडाच्या घड्या घालायला, बदली म्हणून. आता कळलं सामावून घेणं म्हणजे काय. रोज सकाळी गेटवर उभं राहायचं. कुणी गैरहजर असेल तर आत, नाही तर घरी.
मी आहे तिथंच. समितीच्या सभासदाला हलवता येत नाही असा नियम आहे म्हणे. ती माझ्याआधी एक वर्ष लागली होती.

गुरु. २३ मार्च
सकाळी गेटवर पंधरा-वीस बाया भिंतीला टेकून उभ्या. मधे गोदी, हिरव्या लुगड्यात. मी कार्ड दाखवून आत गेली. तिनं पदर नीट केला. माझ्याकडे पाहिलं नाही, पण तोंडही फिरवलं नाही.

मंगळ. २८ मार्च
मशिनीच्या आवाजात काही ऐकू येत नाही, म्हणून गोदी आणि मी हातानं बोलायचो. गालाला दोन बोटं लावली की मुकादम येतोय. मनगट फिरवलं की चहा. ओठ नुसते हलवले तरी तिला कळायचं, सासूबाईंचं गाऱ्हाणं आहे की भाजी खारट झाली.
आज मुकादम येताना दिसला आणि माझी बोटं आपोआप गालाकडे गेली. शेजारी नवी मशीन. तिच्यावरची बाई तरुण आहे, चांगली आहे. तिनं विचारलं, "दात दुखते का जी?"

बुध. २९ मार्च
मीटिंग. आज न कापता बोलली. एक, गेटवरच्या बायांना पक्कं करा. दोन, इथं जे ठरायचं आहे ते आधी खात्यात सांगायला मोकळीक पाहिजे. ज्यांच्यासाठी बसलो त्यांच्यापासूनच लपवायचं तर मी इथं कुणाची?
पुरोहितसाहेब वाईट माणूस नाही. चष्मा काढून पुसत बसले. "पहिल्याचा विचार करू. दुसरं अवघड आहे." रामभाऊ खाली मान घालून. बाहेर आल्यावर म्हणाले, "राजीनामा देशीन तं तुह्या जागी ते आपल्या मर्जीची बाई आणतीन. बसून राह्य."
बसून राहिली तर गोदीच्या लेखी मी साहेबांची. उठून आली तर गेटवरच्या बायांचं नाव टेबलावर काढणारं कुणी नाही.

शुक्र. ७ एप्रिल
आठवड्यात तीन दिवस गोदीला काम मिळालं, असं फोल्डिंगवालीनं सांगितलं. जेवायला कुणासोबत बसते, विचारावंसं वाटलं. विचारलं नाही. माझ्या डब्यात रोज दोन भाकरी जास्त येतात. सवयीनं थापते. घरी परत नेते.

बुध. १२ एप्रिल
मीटिंग पुढं ढकलली. एकोणीसला.

रवि. १६ एप्रिल
गेली सक्करदऱ्याला. दुपारची वेळ, ऊन कडक. दार उघडंच होतं. गोदी तांदूळ निवडत होती. बस म्हणाली नाही, जा म्हणाली नाही. उंबऱ्याशीच बसली मी.
सगळं सांगितलं. मीटिंग, रामभाऊ, ह्यांचं बोलणं, सही. ती खडे वेचत राहिली.
मग म्हणे, "सही केली याचा राग नाही मले. तुले बी पोट हाय. मी इचारलं तवा तू नाही म्हणाली."
"हो."
"इतकंच सांगतलं असतं, गोदे, अंगठा देऊ नको, कारण इचारू नको. मी ऐकलं असतं नं वं. तुहं काय नाही ऐकलं मी?"
रडायचं नाही असं ठरवून गेली होती.
दिराशी बोलून पाहू का, म्हटलं. नको म्हणाली. पुतणीचं लग्न जमलं, आता ते वावर तिच्या डोक्यावरचं छप्पर आहे, मागून घेणार नाही. मग सूप बाजूला ठेवून पाणी दिलं. भांडं माझ्या हातात दिलं नाही, समोर ठेवलं.
निघताना दारात आली.
"बुधवारी मीटिंग हाय म्हणते."
"हो."
"काय ठरून राहिलं ते मले सांगशीन? ठरायच्या आधी?"
"सांगीन."
"समितीतच ठेवा म्हणून सायेब म्हणाला तरी?"
लगेच उत्तर द्यायला पाहिजे होतं. मी तिच्या हातांकडे पाहत राहिली, तांदळाची भुकटी लागलेल्या. "हो" म्हटलं, पण मधे जो वेळ गेला तो तिनं मोजला असणार. दार लावून घेतलं नाही तिनं. मी तलावाच्या वळणापर्यंत आली तेव्हा मागं पाहिलं, ती उंबऱ्यावरच होती की आत गेली, उन्हात नीट दिसलं नाही.

मंगळ. १८ एप्रिल
सुट्टीत पुरोहितसाहेबांनी बोलावलं. उद्याच्या मीटिंगचा कागद दिला, वरती शाईनं लिहिलेलं, 'फक्त सभासदांसाठी'. फोल्डिंग खात्याबद्दल आहे. दोनदा वाचला. आत्ता कमरेला खोचलेला आहे.
सहा वाजत आले. सक्करदऱ्याची बस सव्वासहाला असते.