माझ्या आवाजाची वाटणी

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, पेशा पडद्यावरच्या बायकांना आवाज देणे, कुणाच्याही दबावाशिवाय हे लिहून ठेवते. डोकं ठिकाणावर आहे.

१. राहतं घर मुलीला. मधल्या खोलीच्या भिंतींवरचं जाड कापड काढू नये. मी तिथे सराव करायचे. दार लावलं की बाहेरचं जग झोपी गेल्यासारखं वाटतं, आणि तिथे मला फार सुख मिळालं.

२. बँकेतली शिल्लक मुलाला. भांडू नका.

३. जिच्यासाठी मी वीस वर्षं हसले-रडले, त्या नायिकेला काही नाही. पुरस्कार घेताना ती स्वतःच्या आवाजात बोलली आणि सभागृह चपापलं. मी टीव्हीसमोर पोट धरून हसले. आमची तिथेच फिट्टंफाट झाली.

४. आता माझा आवाज. स्टुडिओने माझं जुनं काम संगणकाला ऐकवून हुबेहूब आवाज तयार केलाय. मी गेल्यावरही तो नव्या मालिकांत बोलणार, म्हणे. मुलीने तो फोनवर घेतलाय. "आई, तुझ्यामागे मला तेवढाच आधार," ती म्हणाली.

मीही ऐकला. अंधाऱ्या स्टुडिओत पडद्यावरच्या ओठांकडे बघत बोलताना मला कुणाच्या तरी स्वप्नात शिरल्यासारखं व्हायचं. त्याच स्वप्नातली बाई फोनमधून विचारत होती, "बाळा, जेवलीस का गं?" किती गोड! मी असं कधी विचारलंच नाही. घसा जपायला मी घरी मुकी राहायचे, टाळी वाजवून पोरांना ताटावर बोलवायचे. घरातला माझा आवाज कुठेच नोंदलेला नाही, मग यंत्र तरी कुठून शिकणार?

५. सबब, स्टुडिओने तो आवाज पुसावा. जुने सिनेमे आहेत तसे राहू द्यावेत. फोनमधल्या आवाजाचं काय करायचं ते मुलीने ठरवावं. फक्त त्या बाईला आई म्हणू नकोस गं. मला वाईट वाटतं.

६. घशाच्या डॉक्टरांनी मला बोलायची मनाई केली आहे. ती मी आज मोडते आहे. उरलासुरला आवाज, घोगरा, फाटका, जसा असेल तसा मुलीला. त्यासाठी माझ्या मरणाची वाट बघायची गरज नाही. ती आत्ता स्वयंपाकघरात आहे. सही झाली की मी तिला हाक मारणार आहे.

साक्षीदार:
१) ध्वनिमुद्रक, माझे निवृत्त सहकारी (सही)
२) शेजारीण, शिवणकाम (सही)

लिहून देणार: (सही)
ठिकाण: राहत्या घराची मधली खोली, दार उघडं
दिनांक: ९ फेब्रुवारी