थोरलीच्या चित्रातले हात

कोल्हापूर,
८ जानेवारी २०२५

प्रिय लीलाआजी,

साष्टांग नमस्कार. कुरुंदवाडहून पाठवलेली वांगी पोचली. भरून केली, बाबांनी एक भाकरी जास्तच खाल्ली. थंडी आहे, पायात मोजे घालतेस ना? की ट्रंकेत घडी घालून ठेवलेस?

फोनवर तुला ऐकू येत नाही आणि हे ओरडून सांगण्यासारखं नाही, म्हणून लिहितेय.

जुन्या चित्रकारांचं प्रदर्शन मी मांडतेय, त्यात आपल्या घरातलं थोरल्या आजीचं, बाबांच्या आईचं, तैलचित्रही घेतलंय. ती गेल्यावर आजोबांनी करवून घेतलेलं. चित्रकाराजवळ तिचा एकच फोटो, तोही नुसत्या चेहऱ्याचा. अशा वेळी हे लोक घरातल्याच एखाद्या बाईला साडी नेसवून समोर बसवायचे. इतकी वर्षं मी हे वर्गात शिकवते, आणि घरच्या भिंतीवरचं चित्र कधी धड बघितलं नाही! काय म्हणावं मला?

परवा चित्र पुसताना भिंग लावलं. डाव्या हाताची करंगळी वाकडी. लहानपणी दारात सापडून तुझी झालीय, अगदी तशी. अगं आजी, ही तर तुझी करंगळी!

म्हणजे तू, नवी नवरी, थोरलीची साडी नेसून चित्रकारापुढं बसलीस.

बाबा तेव्हा चार वर्षांचे. पुढं परीक्षेला जाताना रोज त्या हातांना शिवून जायचे, ‘आईचे हात’ म्हणून. आणि तू शेजारी डबा घेऊन उभी. तुला ते जन्मभर मावशीच म्हणत आले, तरी तू एका शब्दानं बोलली नाहीस. का गं? पोराला आईचे हात तरी राहू देत, म्हणून? मला आधी तुझा रागच आला. मग रडू आलं.

चित्राखाली तुझं नाव लिहायचंय. ‘गेलेल्या बाईच्या चित्रात माझं काय काम?’ असंच म्हणशील, ठाऊक आहे. तू नको म्हणालीस तर नाही लिहिणार. पण हो म्हण की!

आणि रागावू नकोस, मी बाबांना सांगून बसले. भिंग त्यांच्या हातात दिलं. बराच वेळ बघत राहिले, जेवायलाही उठले नाहीत. मग म्हणाले, पत्र लगेच पाकिटात घालू नको, खाली माझ्यासाठी जागा ठेव. ठेवलीय.

तुझ्या हाताखाली वाढलेली,
अवनी

आई, रविवारी न्यायला येतो. मोजे घालून तयार राहा.
— गुरुप्रसाद