मागल्या उताराचा कंद

९ जुलै, सोमवार

प्रिय दादा,

नमस्कार. मी बरी आहे. तुम्हीही सगळे बरे असाल असं लिहिणार होते, पण बसच्या ड्रायव्हरकडून कळलं, या टंचाईत वस्तीच्या चुलींवर नुसता पाला शिजतोय. म्हणून ते वाक्य गाळते.

माझं काम तेच. संस्थेत वाळवलेली झाडं कागदावर चिकटवायची, खाली नाव-ठिकाण लिहायचं. घरमालकीणबाई मायाळू आहेत, पण त्यांना ऐकू येत नाही. रविवारी दिवसभर माझ्या तोंडून शब्द बाहेर पडत नाही.

गेल्या आठवड्यात टेबलाशी दोन पोती आली. ट्रक भरभरून माल प्रयोगशाळेत गेला, त्यातलं हे उरलंसुरलं. उघडलं तर आपला कंद. कोंब फुटतो त्या डोळ्यांसकट उपटलेला. आत्या कंद काढला की डोळ्याचा तुकडा परत मातीत पुरायची, म्हणायची, "पुढल्या वर्षी ये गं बाई." चिठ्ठीवर ठिकाण होतं, मागला उतार.

उतार कुणी दाखवला, हे तू वस्तीभर विचारत फिरलास म्हणे. ड्रायव्हरलाही सोडलं नाहीस. मला मात्र विचारलं नाहीस.

दादा, मी दाखवला. दोन वर्षांपूर्वी मोठे साहेब चहाचा कप घेऊन माझ्याजवळ बसले. म्हणाले, "अडीनडीला तुमच्याकडे काय खातात?" इथे आल्यापासून मला घरचं कुणी काही विचारलंच नव्हतं. मी बोलत सुटले. आत्याचं सांगितलं, तुझंही. त्यांनी नकाशा पुढे केला, मी बोट ठेवलं. ना लालूच होती, ना धाक. कुणीतरी ऐकत होतं, एवढंच.

परवा त्यांना म्हटलं, साहेब, हे आमचं खाणं आहे. ते म्हणाले, फार मोलाची माहिती दिलीस. मला शाबासकी दिली रे त्यांनी.

पोत्यांच्या तळाशी काही डोळे अजून ओले होते. न विचारता उचलले. आज ना उद्या कळेल, मग नोकरी राहील असं वाटत नाही. गोणपाटात गुंडाळून या पत्राबरोबर ड्रायव्हरकडे देते आहे. हाताला गार लागतात तेवढेच जिवंत समज. आत्याला विचारून लाव.

कुठे लावलेस, ते मात्र मला कधीच कळवू नकोस. मी विचारलं तरी.

अजून म्हणवत असेल तर,
तुझी धाकटी